विश्लेषण : लीग जिंकूनही बढती नाही, अंतिम सामन्यात समोर आपलाच क्लब! रेयाल माद्रिदच्या राखीव संघाची गोष्ट काय?

४ जून १९८०. माद्रिदमधील सँटियागो बर्नाबेऊ स्टेडियमवर ‘कोपा डेल रे’ अर्थात किंग्ज चषकाचा अंतिम सामना होता. एका बाजूला रेयाल माद्रिद. दुसऱ्या बाजूला कास्तिया, म्हणजे रेयाल माद्रिदचाच राखीव संघ. मैदान घरचे, क्लब एकच, मालकी एकच आणि चषक कोणीही जिंकला तरी जाणार त्याच इमारतीत. स्पेनच्या फुटबॉलमध्ये असे पूर्वी कधी घडले नव्हते आणि आता घडणेही शक्य नाही. कारण पुढे नियमच बदलले.

राखीव संघ म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर बाकावर बसलेले खेळाडू येतात. स्पेनमध्ये तसे नाही. तेथे मोठ्या क्लबांचे राखीव संघ प्रत्यक्ष लीगमध्ये खेळतात. अडीअडचणीत चाललेल्या छोट्या शहरांच्या संघांशी त्यांची गाठ पडते. ते जिंकतात, हरतात, खालच्या श्रेणीत ढकललेही जातात. वर जाण्याच्या वाटेवर मात्र एक अदृश्य छत आहे. या छताला सर्वात जोरात डोके आपटलेला संघ म्हणजे कास्तिया.

स्पेनमध्ये राखीव संघ म्हणजे नेमके कोण?

क्लबच्या अकादमीत आठ-दहा वर्षांची मुले दाखल होतात. वयोगटांच्या पायऱ्या चढत ती १८-१९ वर्षांची होतात. आता कुमार गट संपला, पण मुख्य संघात जागा नाही. मुख्य संघाकडे त्या जागेसाठी कोट्यवधी युरो मोजून आणलेला कोणी तरी असतोच. अशा मुलांना पुरुषांच्या खऱ्या फुटबॉलचा सराव मिळावा म्हणून राखीव संघ. इंग्लंडमध्ये मोठ्या क्लबांचे राखीव संघ प्रामुख्याने आपापसांत, वेगळ्या युवा लीगमध्ये खेळतात. स्पेनमध्ये ते लीगच्या मुख्य उतरंडीतच असतात. त्यामुळे १८ वर्षांच्या मुलासमोर ३३ वर्षांचा, घर चालवण्यासाठी खेळणारा आणि कोपर कुठे मारायचे हे नीट ठाऊक असणारा बचावपटू उभा असतो. खरे शिक्षण तेथे होते, असे स्पेनमधील प्रशिक्षक मानतात.

ही सोय काही अटींवर मिळते. राखीव संघाला मूळ क्लबच्या श्रेणीत खेळता येत नाही, तो किमान एक श्रेणी खाली हवा. २३ वर्षांखालील राखीव खेळाडूला मुख्य संघातून उतरवता येते आणि पुढच्या आठवड्यात परत खाली पाठवता येते. मुख्य संघात नोंदणी झालेल्याला मात्र हवे तेव्हा राखीव संघातून खेळवता येत नाही. नाही तर पदावनतीच्या शेवटच्या सामन्यात राखीव संघाकडून विश्वविजेते उतरले असते! मुख्य संघाचे जर्सी क्रमांक १ ते २५, राखीव खेळाडूंचे त्यापुढचे. लिओनेल मेसी सुरुवातीला बार्सिलोनाकडून ३० क्रमांकाच्या जर्सीत दिसला आणि लमिन यमाल २७ क्रमांकाच्या, त्यामागचे कारण हेच. मुख्य संघाच्या सामन्यात मैदानावर कायम किमान सात खेळाडू मुख्य संघाच्या नोंदणीचे असावे लागतात, अशीही अट आहे. त्यामुळे एखाद्या कमी महत्त्वाच्या सामन्यात मुख्य खेळाडूंना विश्रांती देऊन पूर्ण राखीव संघ उतरवण्याची पळवाट बंद होते.

कास्तियाचा उगम कुठे?

या संघाचे मूळ एका विमा कंपनीत आहे. प्लस अल्ट्रा या कंपनीतील कर्मचाऱ्यांनी १९३०च्या सुमारास हौसेने फुटबॉल संघ काढला. काही वर्षांनी रेयाल माद्रिदने त्याच्याशी करार केला आणि हळूहळू तो रेयालच्या तरुण खेळाडूंचा संघ बनला. १९७२ मध्ये प्लस अल्ट्रा हे नाव इतिहासजमा झाले आणि ‘कास्तिया क्लब द फुटबॉल’ जन्माला आला.

येथे एक तांत्रिक मुद्दा महत्त्वाचा. कास्तिया तेव्हा रेयालच्या पंखाखाली असला तरी कागदोपत्री स्वतंत्र क्लब होता. त्याचे नाव वेगळे, नोंदणी वेगळी. म्हणूनच त्याला रेयाल माद्रिदसोबत एकाच चषक स्पर्धेत उतरता येत होते. स्पर्धेच्या आयोजकांनी यात धोका पाहिला नव्हता. राखीव संघ दोन-तीन फेऱ्यांत गारद होणार, हे सर्वांनी धरून चालले होते.

१९८० मध्ये नेमके काय घडले?

कास्तिया तेव्हा दुसऱ्या श्रेणीत होता. प्रशिक्षक होते हुआन होसे गार्सिया सान्तोस, फुटबॉलविश्वात ‘हुआन्हो’. गोलरक्षक अगुस्तिन रॉड्रिगेझ, मध्यरक्षक रिकार्डो गायेगो, आघाडीला फ्रान्सिस्को पिनेदा ही त्यातल्या त्यात पुढे नाव कमावलेली मंडळी. बाकीचे बहुतेक जण आज फक्त कास्तियाच्या चाहत्यांना आठवतात.

सुरुवातीच्या फेऱ्यांतील छोटे संघ पार केल्यावर कास्तियाने एकामागून एक पहिल्या श्रेणीतील चार संघांना घरी पाठवले. आधी हर्क्युलीस. मग ही स्पर्धा वारंवार जिंकण्याची परंपरा असलेला ॲथलेटिक बिलबाओ. त्यानंतर रेयाल सोसिएदाद. या तिसऱ्या विजयाचे मोल समजायचे तर त्या हंगामाची लीग पाहावी लागते. सोसिएदादचा संघ लीगमध्ये सलग ३२ सामने अपराजित होता. हंगाम संपता संपता सेव्हियात झालेला एकमेव पराभव त्यांना भोवला आणि विजेतेपद अवघ्या एका गुणाने रेयाल माद्रिदकडे गेले. पुढच्या दोन्ही वर्षी सोसिएदाद स्पेनचा विजेता ठरला. अशा संघाला दुसऱ्या श्रेणीतील पोरांनी चषकातून बाहेर काढले. थोरल्याचा लीगमधला प्रतिस्पर्धी धाकट्याने चषकात आडवा केला, असे म्हणायला हरकत नाही.

उपांत्य फेरीत गाठ पडली स्पोर्टिंग गिहोनशी. हा संघ लीगमध्ये तिसरा आलेला आणि त्याचा आघाडीपटू किनी हा त्या हंगामातील लीगचा सर्वाधिक गोल करणारा खेळाडू. गिहोनमध्ये कास्तिया ०-२ असा हरला. परतीच्या लढतीत बर्नाबेऊवर त्यांनी ४-१ असा विजय मिळवला. अंतिम फेरी निश्चित झाली आणि समोर होता स्वतःचाच थोरला संघ.

अंतिम सामना खरा होता का?

ही शंका तेव्हाच विचारली गेली आणि आजही विचारली जाते. जी मुले एरवी थोरल्यांसोबत सराव करायची, उद्या ज्यांच्या संघात जागा मिळावी म्हणून धडपडायची, त्यांच्याच पायात पाय घालून चेंडू हिसकावणार का? आणि समजा हिसकावला, तर क्लबचे पदाधिकारी टाळ्या कोणासाठी वाजवणार?

निकालाने प्रश्नाचे उत्तर दिले नाही, फक्त तो बाजूला सारला. रेयाल माद्रिदने सामना ६-१ असा जिंकला. हुआनितोने दोन गोल केले. सांतियाना, साबिदो, गार्सिया हर्नांदेझ आणि व्हिसेंते डेल बॉस्के यांनी प्रत्येकी एक. कास्तियाचा एकमेव गोल अल्वारेझचा. वुयादिन बोश्कोव यांच्या रेयालने आधीच लीग जिंकली होती, आता चषकही मिळाला. डेल बॉस्के यांनी पुढे कास्तियाचे प्रशिक्षकपद सांभाळले, रेयालला दोनदा युरोपचे विजेतेपद मिळवून दिले आणि २०१० मध्ये त्यांच्याच मार्गदर्शनाखाली स्पेनने विश्वचषक जिंकला. राखीव संघाच्या जाळ्यात गोल मारण्यापासून राखीव संघ घडवण्यापर्यंतचा त्यांचा प्रवास या क्लबमध्ये फारसा नवलाचा मानला जात नाही.

सहा गोल खाल्लेल्या अगुस्तिनची गोष्ट अधिक रंजक आहे. त्या उन्हाळ्यात त्याला मुख्य संघात घेण्यात आले. वर्षही पुरते उलटले नव्हते, तोच मे १९८१ मध्ये पॅरिसला लिव्हरपूलविरुद्धच्या युरोपियन चषकाच्या अंतिम सामन्यात रेयालच्या गोलजाळ्यासमोर तो उभा होता. रेयालने तो सामना ०-१ असा गमावला. पण ज्या संघाने त्याच्या जाळ्यात सहा गोल मारले, त्याच संघाने त्याच्यावर सर्वात मोठ्या सामन्याची जबाबदारी टाकली. त्याला त्या रात्रीच्या सहा गोलांवरून कोणी मोजले नाही.

राखीव संघ युरोपात कसा पोहोचला?

त्या काळी युरोपात तीन स्पर्धा होत. लीग विजेत्यांसाठी युरोपियन चषक, देशांतर्गत चषक विजेत्यांसाठी कप विनर्स चषक आणि तिसरी यूएफा चषक. रेयालने लीग आणि चषक दोन्ही जिंकल्यामुळे तो युरोपियन चषकात जाणार होता. मग कप विनर्स चषकाची जागा गेली उपविजेत्याकडे, म्हणजे कास्तियाकडे. अशा रीतीने एकाच क्लबचे दोन संघ एकाच हंगामात युरोपच्या दोन स्पर्धांत उतरले.

पहिल्याच फेरीत समोर इंग्लंडचा वेस्ट हॅम युनायटेड. गंमत अशी की वेस्ट हॅमही तेव्हा दुसऱ्या श्रेणीतच होता, त्या श्रेणीत राहूनच त्याने एफए चषक जिंकला होता. १७ सप्टेंबर १९८० रोजी बर्नाबेऊवर डेव्हिड क्रॉसने वेस्ट हॅमला आघाडी मिळवून दिली. उत्तरार्धात कास्तियाने तीन गोल करून सामना ३-१ असा फिरवला. मात्र त्या रात्री स्टेडियममध्ये इंग्लिश प्रेक्षकांनी घातलेला गोंधळ जास्त गाजला. त्याची शिक्षा म्हणून लंडनमधील परतीचा सामना प्रेक्षकांविना खेळवण्याचा निर्णय झाला.

१ ऑक्टोबरला अप्टन पार्कवर अधिकारी, पत्रकार, कर्मचारी धरून मोजून २६२ जण होते. खेळाडूंनी एकमेकांना मारलेल्या हाका रिकाम्या स्टँडमध्ये घुमत होत्या. वेस्ट हॅमने पूर्वार्धातच तीन गोल केले. बर्नालने लांबून मारलेल्या फटक्याने कास्तियाला बरोबरी साधून दिली, दोन सामन्यांची एकत्रित गोलसंख्या ४-४ झाली. अतिरिक्त वेळेत क्रॉसने आणखी दोन गोल करत हॅटट्रिक पूर्ण केली. ५-१. कास्तियाची युरोपवारी एका फेरीत संपली. चार दशकांनी करोनाकाळात जगभरचे संघ रिकाम्या मैदानांवर खेळले, तेव्हा या सामन्याची आठवण अनेकांनी काढली.

लीग जिंकूनही बढती का नाकारली?

चषकाची गोष्ट थरारक, पण राखीव संघाची खरी कोंडी दिसते ती १९८३-८४च्या हंगामात.

त्या वर्षी कास्तियाचे प्रशिक्षक होते अमान्सिओ अमारो, रेयालचे एकेकाळचे नामांकित आघाडीपटू. संघात एमिलियो बुट्रागुएनो, मिचेल, मानोलो सांचिस, मार्टिन वास्केस आणि मिगेल पारदेझा हे पाच तरुण होते. नोव्हेंबर १९८३ मध्ये ‘एल पाईस’ या दैनिकात हुलिओ सेझार इग्लेसियास या पत्रकाराने त्यांच्यावर लेख लिहिला आणि त्यांना ‘किंता देल बुइत्रे’ असे नाव दिले. किंता म्हणजे एका वर्षी सैन्यात भरती झालेली तुकडी. बुइत्रे म्हणजे गिधाड, बुट्रागुएनोच्या आडनावावरून पडलेले टोपणनाव. मराठीत ‘गिधाडाची बॅच’ असे काहीसे बोजड होईल. स्पॅनिश कानांना मात्र ते इतके रुचले की फुटबॉलमधील एका कालखंडालाच हे नाव मिळाले.

कास्तियाने दुसऱ्या श्रेणीत पहिला क्रमांक पटकावला. दुसरा कोण? बिलबाओ ॲथलेटिक. म्हणजे ॲथलेटिक बिलबाओचा राखीव संघ! पहिले दोन्ही संघ राखीव, दोघांचेही मूळ क्लब पहिल्या श्रेणीत, त्यामुळे दोघांनाही वर जाण्याची मनाई. बढतीच्या तीन जागा गेल्या तिसऱ्या, चौथ्या आणि पाचव्या क्रमांकावरील हर्क्युलीस, रासिंग सांतांदेर आणि एल्चे यांना. वर्षभर जिंकत राहिलेल्या मुलांनी हंगाम संपल्यावर सामान आवरले आणि पुढच्या वर्षी पुन्हा त्याच श्रेणीत कास्तियाचा संघ उतरला.

अर्थात त्यांतील काहींनी तोवर जिना वापरण्याऐवजी थेट गच्चीच गाठली होती. मुख्य संघाचे प्रशिक्षक तेव्हा अल्फ्रेडो डी स्टेफानो होते. डिसेंबर १९८३ मध्ये मुर्सियातील सामन्यात त्यांनी सांचिस आणि मार्टिन वास्केस यांना पदार्पणाची संधी दिली, सांचिसने त्यात गोलही केला. फेब्रुवारी १९८४ मध्ये कादिझमध्ये रेयाल दोन गोलांनी पिछाडीवर असताना बुट्रागुएनोला बदली खेळाडू म्हणून उतरवले. त्याने दोन गोल केले आणि रेयालने सामना ३-२ असा जिंकला. पुढे याच पिढीच्या जोरावर रेयालने १९८५ आणि १९८६ मध्ये यूएफा चषक आणि १९८६ ते १९९० या काळात सलग पाच लीग विजेतेपदे मिळवली. पारदेझाची कारकीर्द मात्र मुख्यत्वे रेयाल झारागोझात बहरली. पाचांपैकी चौघांना घरात जागा मिळाली, एकाला बाहेर शोधावी लागली. राखीव संघाच्या हिशेबाने हे प्रमाण अवाक करणारे आहे. एरवी ते उलटे, किंवा त्याहूनही वाईट असते.

मूळ संघ घसरला तर राखीव संघाचे काय?

छत खालीही येते. मे २०१२ मध्ये व्हियारेयालचा मुख्य संघ लीगच्या शेवटच्या दिवशी ॲटलेटिको माद्रिदकडून अखेरच्या मिनिटांत झालेल्या गोलमुळे हरला आणि दुसऱ्या श्रेणीत घसरला. त्याचा राखीव संघ व्हियारेयाल ‘ब’ दुसऱ्या श्रेणीतच होता. गुणतालिकेत तो पदावनतीच्या जागेत नव्हता. तरीही मूळ संघ आला म्हणून त्याला जागा रिकामी करून तिसऱ्या श्रेणीत जावे लागले. चूक थोरल्याची, घर सोडले धाकट्याने.

२०१०-११ मध्ये बार्सिलोना ‘ब’ संघ दुसऱ्या श्रेणीत तिसरा आला. प्रशिक्षक होते लुइस एन्रिके. त्यांच्या खालचे संघ बढतीसाठीच्या प्लेऑफमध्ये गेले, बार्सिलोना ‘ब’चे खेळाडू सुट्टीवर गेले. अशा संघाला उभारी देत राहणे ही प्रशिक्षकासाठी अवघड परीक्षा. कदाचित म्हणूनच राखीव संघ ही प्रशिक्षकांचीही शाळा ठरली आहे. पेप गार्डिओला यांनी २००७-०८ मध्ये बार्सिलोनाचा राखीव संघ चौथ्या श्रेणीतून वर आणला आणि लगेच त्यांना मुख्य संघ मिळाला. सोबत सर्जियो बुस्केट्स आणि पेड्रो हेही वर आले. झिनेदिन झिदान यांनी कास्तियात दीड हंगाम काढला, जानेवारी २०१६ मध्ये मुख्य संघ हाती घेतला आणि सलग तीन चॅम्पियन्स लीग जिंकल्या.

नियम कधी आणि का बदलले?

१९८०च्या अंतिम सामन्यानंतर दहा वर्षे राखीव संघ कोपा डेल रेमध्ये खेळत राहिले. १९९०-९१च्या हंगामापासून त्यांना बंदी झाली. त्याच सुमारास स्वतंत्र नावांचाही प्रश्न निकाली काढला गेला. राखीव संघांना मूळ क्लबचे नाव लावणे भाग पडले आणि कास्तिया काही वर्षे केवळ रेयाल माद्रिद ‘ब’ बनून राहिला. ‘कास्तिया’ हे नाव २०००च्या दशकात परत आले, तेही ‘रेयाल माद्रिद’ची शेपटी पुढे लावूनच.

या बंदीत अन्याय आहे का? कास्तियाच्या खेळाडूंच्या बाजूने पाहिले तर आहे. पण रासिंग किंवा एल्चेच्या गावातून पाहिले तर चित्र वेगळे दिसते. छोट्या शहराचा क्लब वर्गणीदारांच्या पैशांवर चालतो. त्याचा एखादा चांगला हंगाम म्हणजे पिढीतून एकदा येणारी संधी. त्याच्या वाट्याची जागा एका श्रीमंत क्लबची दुसरी तुकडी अडवून बसली, तर त्या गावाने का सहन करावे? शिवाय एकाच क्लबचे दोन संघ एका श्रेणीत आले तर गुण ‘देण्याघेण्याचा’ संशय प्रत्येक सामन्यावर राहील. ६-१ या निकालात काही काळेबेरे होते असा पुरावा कधी पुढे आला नाही. पण पुराव्याची वेळच येऊ नये, हेच नियमामागचे तर्कशास्त्र. दोन अन्यायांपैकी स्पेनने लहान अन्याय निवडला, असे म्हणता येईल. त्याची किंमत विशीतल्या मुलांनी मोजायची, एवढेच.

मग या मुलांचे पुढे होते काय?

कास्तिया सध्या तिसऱ्या श्रेणीत, म्हणजे ‘प्रिमेरा फेडेरासियोन’मध्ये खेळतो. घरचे मैदान वाल्देबेबास क्रीडानगरीतील अल्फ्रेडो डी स्टेफानो स्टेडियम, प्रेक्षकक्षमता सुमारे सहा हजार. मुख्य संघाचे सराव मैदान तेथून चालत जाण्याच्या अंतरावर. अंतर पायांनी मोजले तर काही मिनिटांचे. प्रत्यक्षात अनेकांना ते आयुष्यभर पार करता येत नाही.

हुआन माता २००६-०७ मध्ये कास्तियाकडून खेळला. रेयालच्या मुख्य संघात त्याला एकही सामना मिळाला नाही. २००७ मध्ये तो व्हॅलेन्सियाला गेला. पाच वर्षांत त्याच्या नावावर विश्वचषक, युरो आणि चेल्सीसोबत चॅम्पियन्स लीग अशी तिन्ही विजेतेपदे होती.

अशा चुका परवडत नाहीत म्हणून रेयालने वेगळा मार्ग काढला. खेळाडू विकायचा, पण ठरलेल्या किमतीला परत घेण्याचा हक्क करारात लिहून ठेवायचा. अल्वारो मोराटाला २०१४ मध्ये युव्हेंटसला असेच विकले. त्याने २०१५च्या चॅम्पियन्स लीग उपांत्य फेरीत दोन्ही सामन्यांत रेयालविरुद्ध गोल केले आणि आपल्या जुन्या घरालाच स्पर्धेबाहेर काढले. पुढच्या वर्षी रेयालने हक्क वापरून त्याला परत आणले आणि आणखी एका वर्षाने अधिक किमतीला चेल्सीला विकले. राखीव संघ हा आता जितका शाळा आहे, तितकाच व्यापारही आहे.

बास्क प्रांतात याचे दुसरे टोक दिसते. ॲथलेटिक बिलबाओ बास्क मातीतल्या खेळाडूंनाच घेतो. त्याच्यासाठी राखीव संघ म्हणजे चैन नव्हे, तर विहिरीतला झरा. इनाकी विल्यम्स तेथूनच आला. शेजारच्या रेयाल सोसिएदादचा राखीव संघ २०२१ मध्ये झाबी अलोन्सोच्या मार्गदर्शनाखाली दुसऱ्या श्रेणीत पोहोचला, वर्षभरात घसरला आणि २०२५ मध्ये पुन्हा वर आला.

इतरत्र आणि आपल्याकडे काय स्थिती?

जर्मनीत राखीव संघांना तिसऱ्या श्रेणीपर्यंतच मजल मारता येते. तेथेही कास्तियासारखा एक चमत्कार झाला होता. १९९३ मध्ये हेर्था बर्लिनच्या हौशी, म्हणजे दुय्यम संघाने जर्मन चषकाची अंतिम फेरी गाठली आणि बायर लेव्हरकुसेनकडून ०-१ असा निसटता पराभव पत्करला. इटलीने २०१८ मध्ये युव्हेंटसच्या दुय्यम संघाला तिसऱ्या श्रेणीत प्रवेश देऊन स्पेनची वाट धरली.

भारतात इंडियन सुपर लीगमधील क्लबांचे राखीव संघ २०१७-१८च्या सुमारास आय-लीगच्या द्वितीय श्रेणीत उतरू लागले. त्यात एफसी पुणे सिटी आणि एफसी गोवा यांचे राखीव संघही होते. त्यांनाही स्पेनचाच नियम लागू झाला. खेळा, पण बढती मागू नका. गोव्यात मात्र एफसी गोवाचा राखीव संघ राज्याच्या प्रोफेशनल लीगमध्ये धेंपो, साळगावकर, चर्चिल ब्रदर्स यांसारख्या जुन्या क्लबांसमोर उतरला आणि २०१८-१९ मध्ये त्याने ती लीगही जिंकली. पुणे सिटीचा क्लबच २०१९ मध्ये गाशा गुंडाळून गेला आणि त्याच्या राखीव मुलांना दुसरीकडे जागा शोधावी लागली.

वेम्बलीवरचे तिघे कोण?

१२ मे २००४ रोजी वाल्देबेबास क्रीडानगरीची पायाभरणी झाली. वयोवृद्ध डी स्टेफानो यांच्यासोबत पहिला दगड ठेवण्यासाठी अकादमीतील १२ वर्षांच्या एका मुलाला उभे केले होते. त्याचे नाव दानी कार्वाहाल. २०१२ मध्ये कास्तियाने दुसऱ्या श्रेणीत बढती मिळवली, त्या संघात कार्वाहाल होता, नाचो होता, होसेलूही होता. लगेचच रेयालने कार्वाहालला सुमारे ५० लाख युरोंना लेव्हरकुसेनला विकले आणि वर्षभराने सुमारे ६५ लाख मोजून परत घेतले. होसेलूही त्याच उन्हाळ्यात गेला. जर्मनी, इंग्लंड, स्पेनमधले छोटे क्लब, पदावनत्या असे सगळे पाहून तो २०२३ मध्ये तिशी ओलांडल्यावर परतला, तेही एस्पान्योलकडून उसनवारीवर.

मे २०२४ मध्ये बर्नाबेऊवर चॅम्पियन्स लीगच्या उपांत्य फेरीत बायर्न म्युनिकविरुद्ध रेयाल पिछाडीवर होता. बदली खेळाडू होसेलूने ८८व्या मिनिटाला आणि भरपाई वेळेच्या पहिल्या मिनिटाला असे दोन गोल केले. १ जूनला लंडनच्या वेम्बलीवर बोरुसिया डॉर्टमुंडविरुद्धच्या अंतिम सामन्यात पहिला गोल कार्वाहालने डोक्याने मारला. चषक उंचावण्यासाठी पुढे आलेला कर्णधार होता नाचो. २०१२च्या त्या संघातील बाकीचे बहुतेक जण तोवर इतर क्लबांत विखुरले होते, काही जण खेळातूनच बाहेर पडले होते.